पिन सोडून बाकी सगळं नॉर्मल

एक्स-रे सेंटरमध्ये दोन गोष्टी साठत जातात. एक म्हणजे लोकांनी न नेलेल्या फिल्म्स. माणसं रिपोर्ट नेतात, फिल्म नंतर नेतो म्हणतात आणि तोवर बरी होतात. दुसरी गोष्ट म्हणजे किस्से. फिल्म्सना निदान एक लोखंडी कपाट होतं. किस्से मी मैत्रिणींच्या डोक्यात ठेवत आले. परवा त्यातली एक म्हणाली, "आता लिहून काढ बाई. ऐकून ऐकून आम्हालाही बरगड्या पाठ झाल्या."

आमचं सेंटर भाईंदर पश्चिमेला, एका फरसाणवाल्याच्या वरच्या मजल्यावर. डॉक्टर पारेख मालक. बेबीमावशी जवळच्या मोरवा गावची, झाडलोट, पेशंटला हाक मारणं, फिल्म धुऊन वाळत घालणं, सगळं तिच्याकडे. आणि मशीन चालवायला आमचे हे. अकरा वर्षं ह्यांनी अख्ख्या भाईंदरच्या हाडांचे फोटो काढले.

मग एका सप्टेंबरात ह्यांना ताप आला आणि चौथ्या दिवशी हे गेले. मुलगी नववीत होती. मी मराठी घेऊन बी.ए. झालेली, घरी शिकवण्या घेणारी. महिन्याभराने पारेख डॉक्टर घरी आले, चहा घेतला, म्हणाले, "रेवाळेबाई, मशीन शिका. एक वर्ष देतो. वर्षाच्या शेवटी सर्टिफिकेटची परीक्षा आहे. पास झालात तर जागा तुमची. नाही झालात तर मला दुसरा माणूस घ्यायला लागेल. माझापण इलाज नाय."

मला तोवर शरीराबद्दल एवढंच माहीत होतं, की ते दुखतं.

डॉक्टरांच्या खोलीत भिंतीवर व्ह्यू-बॉक्स होता. मागे ट्यूबलाइट आणि पुढे पांढरी काच, शेजारीशेजारी दोन फिल्म्स लावायची सोय. उजव्या बाजूला त्या त्या पेशंटची फिल्म लागायची. डाव्या बाजूला कायम एकच, छातीची. ती सेंटरची पहिली फिल्म. मशीन नवीन आलं तेव्हा ते बसवणाऱ्या इंजिनिअरने विचारलं, "टेस्टला कोण उभं राहतंय?" आणि हे शर्ट काढून उभे राहिले. कोपऱ्यात नाव नाही, नुसता शिशाचा एकचा आकडा.

ती छाती इतकी छान आली, की डॉक्टरांनी ती तिथेच ठेवली. शिकाऊ पोरं आली की ते पेन्सिल घेऊन दाखवायचे, "नॉर्मल म्हणजे काय, ते इथे बघायचं. ही फुफ्फुसं, हे हृदय, हा छातीखालचा पडदा. पिन सोडून बाकी सगळं नॉर्मल."

कारण त्या फिल्ममध्ये, उजव्या कॉलरबोनवर, एक सेफ्टी पिन आडवी पडलेली स्पष्ट दिसत होती. आयुष्यभर पेशंटना "चेन काढा, लॉकेट काढा, पिना काढा" म्हणून सांगणाऱ्या माणसाने स्वतःची पिन काढली नव्हती. पिन कसली, कुठून आली, असं कोणी विचारलं की हे म्हणायचे, "असू दे. ओळख राहते."

मी शिकायला बसले ते त्या फिल्मसमोर.

*

पहिल्याच आठवड्यात वरसाव्याचे एक आजोबा उजवा गुडघा घेऊन आले.

फिल्मवर बाजू कळावी म्हणून शिशाची L आणि R अशी अक्षरं ठेवतात. आजोबा माझ्यासमोर टेबलावर पाय सोडून बसलेले. जो गुडघा दुखतोय तो माझ्या डाव्या हाताला. म्हणजे डावा. मी विश्वासाने L ठेवला. डॉक्टर एका लग्नाच्या घाईत होते. त्यांनी L बघून रिपोर्ट सांगितला, "डाव्या गुडघ्यात झीज."

चार दिवसांनी आजोबा परत आले.

"कसं आहे?" डॉक्टरांनी विचारलं.

"डावा एकदम झकास," आजोबा म्हणाले. "सून दोन वेळा तेल लावते, शेकते. पण हा उजवा काय ऐकत नाही."

"अहो, दुखत कुठला होता?"

"उजवाच. पण रिपोर्टात डावा आला ना. म्हटलं, आपल्याला काय कळतंय."

डॉक्टरांनी फिल्म बघितली, माझ्याकडे बघितलं, आजोबांना बाहेर बसवलं. मला वाटलं वर्ष इथेच संपलं. ते फक्त म्हणाले, "बाई, पेशंट म्हणजे आरसा नाय. तो माणूस आहे. समोर उभा राहिला की त्याचं डावं तुमच्या उजवीकडे."

तेव्हापासून बसमध्ये, भाजीबाजारात, जो समोर येईल त्याचं डावं-उजवं मी मनात म्हणायला लागले. कंडक्टरने एकदा विचारलं, "ताई, माझ्या खांद्यावर काही आहे का?"

*

छातीच्या एक्स-रेला पेशंटने श्वास धरून ठेवायचा असतो. हे सांगायचे ते पेशंटच्या कानाशी, हळू आवाजात: "श्वास घ्या, धरा, सोडा." मी सांगायचे ते शिकवणीच्या आवाजात. शेवटच्या बाकापर्यंत पोचलं पाहिजे, ही सवय.

एकदा "धरा" म्हणून बटण दाबलं आणि लाइट गेली. मी टॉर्च शोधत राहिले. पेशंट समजूतदार होता, त्याने आपला आपण श्वास सोडला.

बाहेरून मावशीची हाक आली. "वैनी, अगो त्यांना सोड."

बाहेर जाऊन बघते तर बाकावरचे सहाच्या सहा पेशंट गाल फुगवून बसलेले. पार्टिशन प्लायवुडचं, आवाज आरपार. एक काका जांभळे व्हायच्या बेतात होते.

"सोडा," मी म्हटलं.

सहा जणांनी एकदम सोडला. काका म्हणाले, "आमचा पण झाला का? की परत काढणार?"

*

घोडबंदरची एक सासू आपल्या सुनेला मुतखड्याच्या सोनोग्राफीला घेऊन आली. सोनोग्राफीला मूत्राशय भरलेलं लागतं. मी बाटली हातात दिली आणि सांगितलं, "हे सगळं पाणी संपवायचं, मग तासभर थांबायचं. मध्ये बाथरूमला जायचं नाही."

तासाने सून आत गेली. डॉक्टरांनी दोन मिनिटांत बाहेर पाठवली. "हिच्या पोटात थेंब नाय. पाणी कुठे गेलं?"

सून खाली बघत म्हणाली, "आई प्यायल्या."

सासू म्हणाली, "तिला आधीच त्रास होतोय. त्यात एवढं पाणी कुठे पाजायचं? म्हटलं घरातल्या कुणी प्यायलं तर झालं. आम्ही उपास पण असेच वाटून करतो."

एवढं बोलून ती तडक उठली, कारण तिच्याच्याने आता थांबवत नव्हतं. समोर दिसेल ते दार तिने उघडलं. ते दार डार्करूमचं होतं. आत मावशी लाल दिव्यात चार जणांच्या फिल्म्स धूत होती. बाहेरचा उजेड आत गेला आणि चारही फिल्म्स कोळशासारख्या काळ्या झाल्या.

मावशी बाहेर आली, तिने सासूला हाताला धरून बाथरूमपर्यंत नेलं आणि परत येऊन मला म्हणाली, "मुतखडा एकीला हाय, फिल्मी चौघांच्या गेल्या. मोठी मायाळू सासू हाय."

*

मनगटात आठ लहान हाडं असतात. ती नावं पाठ करायला मला तीन आठवडे लागले. जेवताना मुलीचं मनगट धरून म्हणायचे. शेवटी ती म्हणाली, "आई, मला घास तोंडापर्यंत तरी नेऊ दे."

पाठ झाली त्याच आठवड्यात चार वर्षांचा एक मुलगा आला. खाटेवरून पडला होता. हाताची फिल्म काढली, ओलीच उजेडात धरली आणि हाडं मोजली. मनगटात आठच्या जागी तीनच हाडं. पुन्हा मोजली. तीन. मधे सगळी मोकळी जागा.

मी मुलाच्या आईला खुर्ची दिली. पंखा तिच्याकडे वळवला. पाणी दिलं. म्हटलं, "घाबरू नका. डॉक्टरांना बोलावते." ती तोवर अजिबात घाबरलेली नव्हती. आता रडायला लागली.

डॉक्टर डबा सोडून आले. फिल्म बघितली. "बाई, फ्रॅक्चर कुठे आहे?"

"फ्रॅक्चर नाही सर. पाच हाडं नाहीत."

डॉक्टरांनी हात पुसले. "यायच्यात अजून. माणूस जन्मतो तेव्हा मनगटात एकपण दिसत नाय. मग एक एक येते. बारा वर्षाचा होईल तोवर सगळी येतील. तुम्ही त्याला जरा टाइम द्या."

मावशी मुलाला बिस्किट देत होती. म्हणाली, "बोंबलाला तरी कुठं हाडं असतात? पोहतो का न्हाय बरोबर?"

मुलाची आई रडता रडता हसली. मी त्या दिवशी वहीत लिहून ठेवलं: शरीर एकदम मिळत नाही.

*

खालचे फरसाणवाले रमणीकभाई पोटदुखी घेऊन वर आले. सोनोग्राफी झाली. रिपोर्टमध्ये डॉक्टरांनी लिहायला सांगितलं, की आतड्यात गॅस फार असल्याने स्वादुपिंड दिसू शकलं नाही.

संध्याकाळी रमणीकभाई बायको, दोन मुलगे आणि एका साडूला घेऊन वर आले. रिपोर्ट माझ्यासमोर ठेवला. "मॅडम, सच्ची बोलो. मेरा पॅनक्रियाज किधर गया?"

"कुठेही गेलेलं नाही. दिसलं नाही एवढंच."

"एक ही बात. वीस साल पहले गांव में अपेंडिक्स निकाला था. तब वो डॉक्टर बहुत टाइम अंदर था." साडूने मान हलवली. त्याचा त्या डॉक्टरवर पहिल्यापासून संशय होता.

पारेख डॉक्टर बाहेर आले. समजावलं, की मधे गॅस आला की मागचं दिसत नाही. ढग आले की सूर्य दिसत नाही, म्हणून सूर्य चोरीला गेला का?

रमणीकभाई म्हणाले, "सूरज का किसीने ऑपरेशन नहीं किया, डॉक्टरसाब."

शेवटी ठरलं, की दोन दिवस गाठिया बंद आणि तिसऱ्या दिवशी उपाशीपोटी यायचं. तिसऱ्या दिवशी स्वादुपिंड जागच्या जागी सापडलं. डॉक्टरांनी पडद्यावर बोट ठेवून सगळ्या कुटुंबाला दाखवलं. रमणीकभाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. खाली जाऊन त्यांनी गरम गाठियाची मोठी पिशवी वर पाठवली आणि बाकावर बसलेल्या प्रत्येकाला आग्रह करून खायला लावली.

त्या दुपारच्या तिन्ही सोनोग्राफीत गॅसशिवाय काही दिसलं नाही.

*

परीक्षेला दोन महिने राहिले तेव्हा माझी अवस्था अशी होती, की डॉक्टर शेजारी असले की मला सगळं दिसायचं आणि ते खोलीबाहेर गेले की सगळं करडं व्हायचं. डॉक्टर एका तरुण टेक्निशियनशी फोनवर बोलताना मी ऐकलं होतं. "अजून नक्की नाय. बाईंची परीक्षा होऊ दे," असं ते म्हणत होते. मी फाइल उघडी धरून तिथेच उभी राहिले.

त्याच दिवशी संध्याकाळी घरी जाताना कोपऱ्यावरच्या भुट्टेवाल्यापाशी थांबले. तो कोळशाला वारा घालत होता, आणि हातात पंखा म्हणून एक्स-रे फिल्म होती.

"भैया, एक मिनट," म्हणून मी ती फिल्म मागून घेतली आणि आभाळाकडे धरली. काजळी लागलेली, एक कोपरा वितळलेला. L कुठे आहे ते बघितलं. बरगड्या वरून मोजत आले.

"बायीं तरफ की सातवीं पसली टूटी थी," मी म्हटलं. "अब जुड़ गयी है. पुरानी बात है."

भुट्टेवाल्याच्या हातातला भुट्टा तसाच राहिला. मग त्याने शर्टावरून डावी बरगडी चाचपली.

"मेरी ही है, मॅडम. ट्रक से गिरा था." आणि जरा थांबून, "और कुछ दिखता है?"

"नहीं. बाकी सब नॉर्मल."

त्याने मला टोपलीतला सगळ्यात मोठा भुट्टा भाजून दिला. त्या फिल्मनेच वारा घालून.

*

परीक्षा ठाण्याला होती. प्रत्येकाने आपल्या सेंटरच्या दहा फिल्म्स आणायच्या, परीक्षक त्यावर विचारणार. मी आदल्या दिवशी दहा निवडून ठेवल्या. सकाळी मावशीने पाकीट हातात दिलं.

"जड लागतंय गं मावशी."

"जड कसला? तुझा जीव जड झायला हाय. जा, बस सुटंल."

परीक्षक पांढऱ्या केसांचे होते आणि कुणाकडे बघून हसत नव्हते. माझ्या आधीचा मुलगा बाहेर आला तो सरळ जिना उतरून गेला, बॅग विसरून.

मी पहिली फिल्म लावली, मनात "आरसा नाही, आरसा नाही" म्हणत. बरोबर लागली. त्यांनी मनगटाची हाडं विचारली. मी आठ सांगितली आणि तोंडातून निघून गेलं, "पेशंट चार वर्षांचा असेल तर तीन." त्यांनी चष्म्यावरून बघितलं.

"फिल्म धुवायच्या डेव्हलपरचं तापमान किती ठेवता?"

हे मला माहीत होतं. पुस्तकात होतं. पण त्या क्षणी आकडा काही केल्या येईना.

"सर, बोट घातलं की कळतं."

"कोणाचं बोट?"

"मावशींचं."

त्यांनी कागदावर फुली मारली. मग आणखी दोन प्रश्न, आणखी एक फुली. "बाई, काठावर आहात," ते म्हणाले. "पुढचं नीट सांगा." आणि त्यांनी पाकीट स्वतःकडे ओढलं, फिल्म्स मोजल्या.

"दहा सांगितल्या होत्या. अकरा आहेत."

अकरावी त्यांनी बाहेर काढली आणि काचेवर लावली. कोपऱ्यात शिशाचा एकचा आकडा.

ती मी घेतलेली नव्हती.

"बोला," परीक्षक म्हणाले.

मी बोलायला लागले. छाती, समोरून. पुरुष, वय साधारण पस्तीस. दोन्ही फुफ्फुसं स्वच्छ. हृदयाचा आकार योग्य. बरगड्या मोजून दाखवल्या, डाव्या, उजव्या. पडदा कुठे चढतो, कुठे उतरतो. माझा आवाज शिकवणीचा झाला नाही. ह्यांच्यासारखा हळू येत होता. कुठेही अडखळले नाही. त्या छातीत मला न सापडणारं काही नव्हतं.

परीक्षकांनी पेन्सिल उजव्या कॉलरबोनवर टेकवली.

"आणि हे?"

"सेफ्टी पिन, सर."

"पेशंटच्या अंगावर पिन ठेवून फिल्म काढली? इतकी सुंदर फिल्म आणि ही चूक? कोणाची आहे ही?"

"माझी, सर."

"तुम्ही काढलीत फिल्म?"

"नाही सर. फिल्म काढली तेव्हा मी घरी होते. सकाळी ह्यांना नव्या मशीनवर जायची घाई होती. बनियनचा खांदा उसवला होता. शिवायला वेळ नव्हता, म्हणून मी पिन लावून दिली."

परीक्षकांनी पेन्सिल खाली ठेवली. फिल्मकडे बघितलं.

"आता मशीन कोण चालवतं तिथे?"

"मीच, सर. तुम्ही सही केलीत तर."

त्यांनी कागद ओढला आणि सही केली. फुल्या तशाच होत्या. मग उठून त्यांनी फिल्म स्वतः काचेवरून काढली, कडेला धरून, पाकिटात सरकवली आणि दोन्ही हातांनी माझ्यापुढे धरली.

"पेशंट कसा आहे आता?"

"नॉर्मल, सर," मी पाकिटाकडे बघत म्हटलं.